चलच्चित्रांतील अनाम गोही

१

जुन्या कागदांची पारख करण्याची एक रीत आपल्याकडे ठरून गेली आहे. रुमाल सोडला कीं संशोधक प्रथम कागदाचा पोत पाहतो, मग मोर्तब, मग हस्ताक्षर. तिथि, वार व सन यांचा मेळ बसतो कीं नाहीं हें पडताळतो. आणि एवढें झाल्यावर मजकुराकडे वळतो. अस्सल, नक्कल, बखर व ऐकीव गोष्ट यांना तो एका पंक्तीस बसवीत नाहीं. गेल्या सवाशें वर्षांत मात्र एक नवें साधन निर्माण झालें असून त्याच्या बाबतींत ही शिस्त आपण अद्यापि लावलेली नाहीं. तें साधन म्हणजे प्रत्यक्ष घडलेल्या प्रसंगांचीं चलच्चित्रें. पडद्यावर दिसलें तें घडलें, असें आपण सहज मानतों. आणि पोथीच्या बाबतींत जो प्रश्न विद्यार्थीहि विचारील तो चित्राच्या बाबतींत विचारण्याचें आपल्याला सुचत नाहीं.

प्रस्तुत लेखाचा विषय याहूनहि मर्यादित आहे. ज्यांच्यासाठीं कॅमेरा उभा केला होता त्या राजेलोकांचा व पुढाऱ्यांचा विचार येथें कर्तव्य नाहीं. त्यांच्या मागें, बाजूस, रस्त्याच्या कडेला जे हमाल, गिरणीकामगार, कोळणी, शाळकरी मुलें आणि पोलिस शिपाई चित्रांत येऊन गेले, त्यांचें साधन या नात्यानें मोल काय, आणि चित्रें जोडणाऱ्या मंडळींनीं त्यांच्याशीं कसा व्यवहार केला, एवढेंच पाहावयाचें आहे. आमचें म्हणणें असें कीं, हीं माणसें गर्दी नसून गोही आहेत. त्यांची साक्ष वाचली गेली नाहीं याचें कारण ती अस्पष्ट आहे हें नव्हे, तर ती नोंदवून घेण्याचे कष्ट कोणीं केले नाहींत हें आहे.

२

गोही हा शब्द मुद्दाम योजिला आहे. वतनाच्या तंट्यांत गोत बसून महजर होई, त्याच्या अखेरीस पाटील, कुळकर्णी, चौगुला, बलुते यांचीं नांवें येतात, हें वाचकांस विदित आहेच. अमका बिन तमका, मौजे अमुक, तर्फ अमुक, अशी प्रत्येकाची जागा ठरलेली. ज्यास लिहितां येत नसे त्याच्या नांवाशीं त्याच्या धंद्याची निशाणी काढलेली असे. कुणब्याचा नांगर, न्हाव्याचा आरसा या निशाण्या आपण किती तरी कागदांवर पाहिल्या आहेत. त्या माणसाविषयीं दुसरें कांहीं कळत नसलें तरी तो होता, त्या दिवशीं त्या सभेंत हजर होता, आणि त्याच्या हजेरीला किंमत होती, एवढें निश्चित होतें.

उपनिषदांत नाम आणि रूप हीं जोडीनें येतात. आपल्या दप्तरांत मात्र ती जोडी फुटलेली आहे. महजरांतील न्हाव्याचें नाम आपल्यापाशीं आहे, त्याचें रूप नाहीं. चलच्चित्रांतील न्हाव्याचें रूप आहे, त्याच्या हातांतील आरसा व वस्तराहि दिसतो, पण त्याचें नाम नाहीं. अठराव्या शतकांतील खेडुताला जो मान एका निवाड्यानें दिला तो विसाव्या शतकांतील शहरवासीयाला चित्रफितीनें दिला नाहीं. यंत्र सुधारलें, नोंद मात्र मागें गेली.

३

या साधनाचा आरंभच सामान्य माणसांपासून झाला, ही गोष्ट पुष्कळांच्या ध्यानांत नसते. ७ जुलै १८९६ रोजीं मुंबईच्या वॉटसन हॉटेलांत ल्युमिएर बंधूंच्या चलच्चित्रांचा पहिला खेळ झाला. त्या दिवशीं दाखविलेल्या सहा चित्रांपैकीं एक कारखान्यांतून बाहेर पडणाऱ्या मजुरांचें होतें. म्हणजे आपल्या देशांत पडद्यावर हललेल्या पहिल्या मानवी आकृतींत कोणी सम्राट् किंवा सेनापति नव्हता. फ्रान्सांतील लियों शहरच्या कारखान्यांतील कामकरी स्त्रीपुरुष त्यांत होते. ज्या मुंबईंत हा खेळ झाला तेथील गिरण्यांच्या दरवाजांतून रोज संध्याकाळीं तशीच माणसें बाहेर पडत, आणि त्यांत आमच्या रत्नागिरी जिल्ह्यांतील चाकरमान्यांचा भरणा मोठा असे. त्यांच्यापुढें त्या वेळीं कोणी कॅमेरा लावला नाहीं.

हें चित्र १८९५ सालचें. त्याचे तीन पाठ उपलब्ध आहेत. एकांत एका घोड्याची गाडी दिसते, दुसऱ्यांत दोन घोड्यांची, तिसऱ्यांत घोडा नाहीं. आणि याच खुणांनीं अभ्यासक ते पाठ ओळखतात. मजुरांच्या पोषाखांतहि फरक आहे. एका पाठांत ते सणावारी नेसावयाचे कपडे घालून आलेले दिसतात. कारखान्याचे मालक व चित्र घेणारे एकच असल्यामुळें, केव्हां निघावें व कसें निघावें हें मजुरांस सांगितलेलें होतें, हें उघड आहे. महाभारताची चिकित्सक आवृत्ति सिद्ध करतांना डॉ. सुखटणकरांनीं प्रतींचीं कुळें लावून पाठ ठरविले. ज्या चित्राला जग पहिलें प्रत्यक्ष चित्र म्हणतें त्यालाहि प्रतिभेद आहेत, तर पुढील चित्रांविषयीं काय बोलावें! प्रत्येक फितीला प्रति, पाठ व क्षेपक असणारच, असें धरून चालणें हाच शहाणपणा होय.

४

वॉटसन हॉटेलांतील चित्रें पाहून ज्यांच्या मनानें घेतलें त्यांत मुंबईचे छायाचित्रकार हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावे दादा हे होते. त्यांनीं विलायतेहून कॅमेरा मागविला आणि १८९९ सालीं मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्यें झालेली एक कुस्ती टिपली. मल्लांचीं नांवें पुंडलिक दादा व कृष्णा न्हावी. एका माकडवाल्याचें चित्रहि त्यांनीं त्याच सुमारास घेतलें. डिसेंबर १९०१ मध्यें केंब्रिजची सीनियर रँग्लरची पदवी मिळवून रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे मुंबईस परतले, तेव्हां त्यांच्या स्वागताचें चित्रहि सावे दादांनीं घेतलें. परांजपे हे दापोली तालुक्यांतील मुर्डीचे. तेव्हां भारतीय माणसानें घेतलेल्या पहिल्या वार्ताचित्राचा नायक आमच्याच जिल्ह्यांतला, हें येथें नमूद करण्यास हरकत नाहीं.

या तीन चित्रांपैकीं आज पाहावयास कांहीं उरलेलें नाहीं. उरलें आहे तें केवळ त्यांचें वर्णन. आणि त्या वर्णनांतील तारतम्य मार्मिक आहे. मल्लांचीं नांवें राहिलीं, कारण कुस्ती ही त्यांची होती. परांजप्यांचें नांव तर राहणारच होतें. परंतु माकडवाला निनांवी राहिला, आणि रँग्लरांच्या स्वागतास जमलेले विद्यार्थीहि निनांवीच राहिले. चित्र नष्ट झालें तरी नांव टिकतें, हें पुंडलिक दादा व कृष्णा न्हावी यांच्या उदाहरणावरून सिद्ध होतें. उलट, चित्र टिकून नांव गेलें तर काय होतें, याचीं उदाहरणें आतां पाहूं.

५

इंग्लंडांतील वॉरविक ट्रेडिंग कंपनीनें १८९९ सालीं एक लहानशी फीत विक्रीस काढली. नांव ‘पॅनोरामा ऑफ कलकत्ता’. नावेंतून जातांना काठावरचे घाट, पायऱ्यांवर स्नान करणारे लोक, छत्र्या, देवळें असें त्यांत दिसतें. ही फीत ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटच्या संग्रहांत आहे आणि तींत दिसणारे घाट कलकत्त्याचे नसून वाराणसीचे आहेत, असें आतां ठरलें आहे. शंभर वर्षें मथळा एक सांगत होता व चित्र दुसरें. काशीस जाऊन आलेल्या कोणाहि यात्रेकरूनें ही चूक क्षणांत दाखविली असती. पण त्याला विचारणार कोण? मथळा विकणाऱ्यानें लिहिला, आणि मथळ्यावर विसंबून यादी झाली. घाटावर स्नान करणाऱ्या त्या माणसांचें नांव तर गेलेंच, गांवहि गेलें.

माणसाला नांवावेगळें करून नमुना बनविण्याची ही खोड चलच्चित्राहून जुनी आहे. मुंबईस विल्यम जॉन्सन यानें १८६३ व १८६६ सालीं मुंबईच्या रहिवाशांचीं व तेथें येणाऱ्यांचीं छायाचित्रें दोन भागांत प्रसिद्ध केलीं. त्यांतील माणसें एका ठिकाणीं टिपलेलीं असून त्यांच्या मागील देखावे दुसरीकडचे आहेत. दोन्ही जोडून एक चित्र केलेलें आहे. आपल्या भाषेंत यास क्षेपक म्हणावें लागेल, फरक एवढाच कीं येथें माणूसच प्रक्षिप्त झाला आहे. पुढें १८६८ ते १८७५ या काळांत सरकारी आश्रयानें ‘द पीपल ऑफ इंडिया’ हा आठ भागांचा ग्रंथ निघाला. त्यांतील बहुतेक चित्रांखालीं जातीचें किंवा जमातीचें नांव आहे, माणसाचें नाहीं. महजरांत जात आणि नांव दोन्ही येत. येथें जात राहिली व नांव गळालें. चलच्चित्रकारांनीं हाच वारसा उचलला.

६

दुसरा प्रश्न चौकटीचा. डिसेंबर १९११ मधील दिल्ली दरबाराचीं चित्रें विलायतेंत नाटकगृहांतून दाखविलीं गेलीं. त्या दरबारांत सयाजीराव गायकवाड महाराजांनीं बादशहास मुजरा केल्यावर पाठ फिरविली कीं नाहीं, यावर मोठा गहजब झाला, आणि लोकांनीं तीं चित्रें त्या एका क्षणासाठीं डोळ्यांत तेल घालून पाहिलीं. एका महाराजाच्या पाठीसाठीं चित्राची इतकी चिकित्सा झाली. त्याच चित्रांत जी सहस्रावधि माणसें उभीं होतीं त्यांच्या मुखाकडे तशा दृष्टीनें कोणीं पाहिलें नाहीं. साधन तेंच, परीक्षकहि तेच. फक्त प्रश्न विचारण्याची इच्छा एका ठिकाणीं होती व दुसऱ्या ठिकाणीं नव्हती.

१७ नोव्हेंबर १९२१ रोजीं युवराज मुंबईस उतरले. त्यांच्या दौऱ्याचीं चित्रें घेण्यांत आलीं व त्यांत स्वागतास आलेली प्रजा दिसते. त्याच दिवशीं शहरांत हरताळ होता, दंगल उसळली, ती कांहीं दिवस चालली आणि तींत ५० हून अधिक माणसें प्राणांस मुकलीं. चित्र खोटें नाहीं. जे दिसतात ते खरोखरच तेथें आले होते. परंतु जे आले नाहींत ते चौकटीच्या बाहेर राहिले, आणि त्यांचें न येणें हीच त्या दिवसाची मुख्य घटना होती. यासाठीं चित्रांतील जमावास ‘मुंबईकर’ असें मोघम नांव देणें हा प्रमाद होय. तो अमुक ठिकाणीं, अमुक कारणासाठीं, अमुक बंदोबस्तांत आलेला जमाव होता, इतकेंच म्हणावें.

७

मग हें साधन टाकाऊ समजावें काय? मुळींच नाहीं. पाठचिकित्सेंत एक नियम आहे कीं, दोन पाठांपैकीं जो कठिण, जो लेखकूला सहज सुचला नसता, तो बहुधा मूळचा असतो. चित्रांतहि हा नियम लावतां येतो. चित्र घेणाऱ्याच्या हेतूला जें धरून आहे त्याविषयीं सावध असावें. जें त्याच्या हेतूबाहेर येऊन पडलें आहे तें अधिक विश्वसनीय समजावें. मिरवणुकींतील हत्ती सजविलेला असतो, पण त्याच्या मागें रस्ता झाडणारा मनुष्य सजविलेला नसतो. पुढारी कॅमेऱ्याकडे पाहून हंसतो, पण त्याच्यामागील बाई डोक्यावरची पाटी सांवरीत वैतागून बाजूस होते. एखादा मुलगा मिरवणूक सोडून यंत्राकडेच टक लावून पाहतो. हा ‘दोष’ म्हणून संकलक कापून टाकतात, आणि वस्तुतः तोच त्या फितींतील सर्वांत प्रामाणिक क्षण असतो. पादत्राण होतें कीं नव्हतें, पागोटें कसें बांधलें होतें, बाईच्या नेसणीची धाटणी, ओझें खांद्यावर कीं डोक्यावर, शिपाई दिसतांच लोक किती सरकले, हें सारें अशा न ठरवितां आलेल्या माणसांकडूनच कळतें. दरबाराच्या वर्णनाचे कागद विपुल आहेत. दरबाराबाहेर पाणी देणारा कसा उभा राहत असे हें कागद सांगत नाहीं.

येथें एका तांत्रिक गोष्टीचा उल्लेख अवश्य आहे. मूक काळांतील कॅमेरे हातानें फिरवीत व सेकंदास सुमारें १६ चित्रें घेत. बोलपटाच्या यंत्राचा वेग सेकंदास २४ चित्रांचा. जुनी फीत नव्या वेगानें लावली कीं सगळी माणसें दीडपट घाईनें, बाहुल्यांसारखीं दुडदुडत चालतात आणि प्रेक्षक हंसतात. ही चाल त्यांची नव्हे, आपल्या यंत्राची आहे. लेखकूनें मात्रा चुकविली म्हणून मूळ कवीस कोणी छंदाचें ज्ञान नव्हतें असें म्हणत नाहीं. तसेंच आपल्या आजोबा-पणजोबांना विदूषक करण्यापूर्वीं फितीचा वेग दुरुस्त करून घ्यावा.

८

सर्वांत मोठा अपराध मात्र चित्र घेणाऱ्यांचा नसून पुढील संकलकांचा आहे. १९४८ सालीं फिल्म्स डिव्हिजन ही सरकारी संस्था स्थापन झाली आणि तिचे अनुबोधपट व वार्तापट देशांतील प्रत्येक चित्रपटगृहांत मुख्य खेळापूर्वीं दाखविणें बंधनकारक झालें. तालुक्याच्या गांवींहि लोकांनीं ते पाहिले. त्यांतून अपार साहित्य जमा झालें, हें त्या संस्थेचें ऋण मान्य केलेंच पाहिजे. आतां ती राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळांत विलीन झाली आहे. परंतु त्या वार्तापटांची रीत अशी कीं चित्रांत माणसें मुकाट्यानें कामें करतात आणि वरून एक भारदस्त आवाज त्यांच्या वतीनें बोलतो. त्या आवाजाला ‘शेतकरी’, ‘कामगार’, ‘जनता’ एवढीं तीनच नांवें ठाऊक असतात. १९६७ सालीं त्याच संस्थेंत राहून एस. एन. एस. शास्त्री यांनीं ‘आय ॲम ट्वेंटी’ या चित्रांत स्वातंत्र्याच्या वेळीं जन्मलेल्या तरुणांना स्वतःच्या तोंडानें बोलूं दिलें, तेव्हां प्रेक्षकांस नवल वाटलें असल्यास त्यांत आश्चर्य नाहीं.

पुढें तर असें झालें कीं, एका प्रसंगाचा जमाव दुसऱ्या प्रसंगाच्या चित्रांत जोडणें ही नित्याची गोष्ट झाली. उत्साह दाखवावयाचा असला कीं हात उंचावणारी गर्दी, दुष्काळ दाखवावयाचा असला कीं हंडे घेतलेल्या बाया, अशीं तुकडेवार माणसें कपाटांत तयार असतात. एका वर्षीं एका गांवीं पाण्याला गेलेली बाई दहा दुष्काळांत पाणी भरीत राहते. ऐतिहासिक पत्राची तारीख बदलून तें दुसऱ्या लढाईच्या प्रकरणांत छापलें तर आपण त्या संपादकास क्षमा करणार नाहीं. येथें तोच प्रकार माणसांच्या बाबतींत राजरोस चालतो.

याहून वेगळा मार्ग शक्य होता, याचें उदाहरण दांडीयात्रा. महात्माजींबरोबर निघणाऱ्या ७८ जणांची यादी १२ मार्च १९३० च्या ‘यंग इंडिया’ पत्रांत छापून आली. त्या यात्रेचीं चलच्चित्रेंहि आहेत. त्या यादींत गायनाचार्य नारायण मोरेश्वर खरे यांच्यासारखें विख्यात नांव आहे, तसेच जगाला अपरिचित असे साधे आश्रमवासीहि आहेत. नाम एका कागदावर आणि रूप एका फितीवर, आणि दोहोंचा दिवस एक, असा योग दुर्मिळ. असें साधन हातीं असतां केवळ एका पुरुषाच्या पावलांकडे पाहून थांबणें हें खुद्द त्या पुरुषासहि आवडलें नसतें. यादी छापली ती त्यानेंच.

९

आतां आमच्या भाषेच्या मुलखांतील एका उदाहरणाकडे येतों. त्यांत या सर्व प्रश्नांचा कस लागतो. आनंद पटवर्धन यांचा ‘बॉम्बे : अवर सिटी’ हा अनुबोधपट १९८५ सालचा. पदपथावर व झोपड्यांत राहणाऱ्यांच्या वस्त्या मुंबईंत मोडल्या जात होत्या, त्या काळाचें तें चित्र. त्यांत एक स्त्री चित्र घेणाऱ्यालाच फैलावर घेते. गरिबांचीं चित्रें काढून तुम्ही नांव मिळवितां, आम्हांला त्याचा काय उपयोग, असा तिच्या बोलण्याचा आशय आहे. पटवर्धनांनीं हा भाग कापला नाहीं. संपादकानें स्वतःविरुद्ध जाणारा पाठ राखणें ही सचोटीची मोठी कसोटी होय, आणि त्या कसोटीस तें चित्र उतरतें. पदपथवासीयांचा खटला सर्वोच्च न्यायालयांत चालून त्याचा निकाल १० जुलै १९८५ रोजीं लागला. त्या निकालपत्रांत अर्जदार पदपथवासीयांचीं नांवें आहेत; चित्रांत चेहरे आहेत. या काळाचा इतिहास लिहिणाऱ्यानें दोन्ही शेजारीं ठेवूनच लेखणी उचलावी.

त्याच चित्रांत एक शाहीर गातांना दिसतात. ते विलास घोगरे. १९८५ च्या प्रेक्षकास ते वस्तींतील एक गाणारा म्हणून दिसले असतील. ११ जुलै १९९७ रोजीं घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरांत डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झालेली आढळली. निषेधास जमलेल्यांवर पोलिसांनीं गोळीबार केला व १० माणसें मेलीं. त्यानंतर थोड्याच दिवसांत घोगरे यांनीं स्वतःचें जीवन संपविलें. पटवर्धनांनीं तेथपासून सुमारें १४ वर्षें काम करून २०११ सालीं ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण केला. त्यांत घोगरे यांचीं जुनीं चित्रें पुन्हा येतात, आणि मृतांचे कुटुंबीय, शाहीर व वस्तींतील स्त्रिया स्वतः बोलतात.

जुन्या फितींतील एकहि चित्र बदललेलें नाहीं. गळा तोच, डफ तोच, वस्ती तीच. तरीहि तें चित्र आतां दुसरें झालें आहे, कारण रूपाला नाम मिळालें आणि नामाला चरित्र. बारा वर्षांपूर्वीं जो जमावांतला एक वाटला तोच आतां त्या काळाचा मुख्य साक्षीदार ठरतो. यावरून एक धडा घ्यावयाचा तो असा कीं, गर्दींतील कोणता चेहरा उद्यां इतिहासाला हवा होईल हें आज सांगतां येत नाहीं. म्हणून आज प्रत्येकाचीच नोंद ठेविली पाहिजे. तीन तासांहून लांब असलेला हा चित्रपट कांहीं ठिकाणीं पाल्हाळिक वाटतो, ही तक्रार आम्हांसहि मान्य आहे. पण गोहीचें बोलणें मध्यें न तोडण्याची किंमत म्हणून ती लांबी सोसावी.

१०

येथें एक आक्षेप येईल, आणि तो पोकळ नाहीं. जमावांतील माणसाला नांव देणें हें नेहमींच उपकारक असतें काय? मोर्च्यांचीं चित्रें इतिहासकार पाहतो तसे पोलिसहि पाहतात. एखाद्या स्त्रीचें घर मोडत असतांना तिचें रूप टिपलें गेलें. तिच्या नातवंडांना त्या दुर्दशेशीं तिचें नांव कायमचें जोडलेलें आवडेल काय? महजरांतील गोही स्वतः होऊन सभेस आलेला असे. चित्रांतील माणूस नुसता रस्त्यानें जात होता.

हा भेद आम्हांस मान्य आहे. म्हणूनच नांव नोंदविणें आणि नांव प्रसिद्ध करणें या दोन गोष्टी वेगळ्या ठेवाव्या. नोंद दप्तरांत असावी. प्रसिद्धि त्या व्यक्तीच्या किंवा तिच्या घरच्यांच्या संमतीनें व्हावी. पण संकोचाच्या मिषानें नोंदच न करणें हें मात्र योग्य नव्हे. कारण मग तें चित्र राहतें, फिरतें, विकलें जातें, आणि नांव तेवढें नाहींसें होतें. अशा स्थितींत निनांवीपणा हें त्या माणसाचें संरक्षण न राहतां चित्र वापरणाऱ्याची सोय होते.

११

शेवटीं कर्तव्य काय तें सांगून हा लेख आटोपतों. पोथीच्या अखेरीस पुष्पिका असते. कोणीं लिहिली, केव्हां, कोठें, कोणासाठीं, हें ती सांगते. पुष्पिका नसलेली पोथी आपण टाकून देत नाहीं, पण ती मिळविण्यासाठीं धडपडतों. प्रत्येक चित्रफितीस अशी पुष्पिका जोडावी. तींत चार गोष्टी असाव्या. चित्र कोणीं, कोणासाठीं, कोणत्या दिवशीं व ठिकाणीं घेतलें. प्रति कोणती, लांबी किती, आणि कोठें कापाकाप व जोड झाली आहे. दिसणाऱ्या व्यक्तींपैकीं कोण ओळखूं आल्या, कोणीं ओळखल्या व कोणत्या खुणेवरून. आणि नांव प्रकट करण्यास संमति आहे कीं नाहीं. संशय असेल तेथें संशय लिहावा. ‘बहुधा’ हा शब्द आपल्या शास्त्रांत लज्जास्पद नाहीं.

पुण्यास १९६४ पासून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. मोठीं रिळें तेथें जावीं हें उत्तम. परंतु जानेवारी २००३ मध्यें पुण्यांतच लागलेल्या आगींत जुन्या ज्वालाग्राही फितींची केवढी हानि झाली हें विसरूं नये. शिवाय ओळख पटविण्याचें काम संग्रहालयांत बसून होणारें नाहीं. तें गांवींच झालें पाहिजे. १८ जानेवारी १९८२ रोजीं मुंबईच्या गिरण्यांचा जो संप सुरू झाला त्यांत सुमारें २,५०,००० कामगार होते, आणि त्यांत कोंकणचे किती तरी. त्या काळचीं जीं चित्रें मिळतील तीं राजापूर, लांजा, संगमेश्वर, गुहागर येथील गांवोगांवीं दाखवावीं आणि म्हाताऱ्यांस विचारावें, हा कोण, ही कोणाची सून. त्या वेळीं पंचविशींत असलेला कामगार आज सत्तरीच्या घरांत आहे. तसेंच येथील कित्येक घरांत शिमग्याच्या पालखीच्या, लग्नकार्यांच्या, बंदराच्या घरगुती फिती व कॅसेटी पेट्यांतून पडून आहेत. दमट हवेनें त्यांस बुरशी धरते. ज्या सभासदांच्या आटोक्यांत त्या असतील त्यांनीं मोडी रुमालाइतकीच आस्था त्यांना दाखवावी.

फीत सुधारतां येते, वेग दुरुस्त करतां येतो, चुकीचा मथळा शंभर वर्षांनींहि बदलतां येतो. मात्र हा चेहरा कोणाचा, हें सांगणारें शेवटचें माणूस गेलें म्हणजे तो पाठ कायमचा भ्रष्ट झाला. कागद वाट पाहतात. माणसें पाहत नाहींत. म्हणून हें काम रुमालांच्या आधीं हातीं घ्यावें, अशी सभासदांस विनंति आहे.